अर्थशास्त्रज्ञांच्या कामात नवे तंत्रज्ञान आणि कृत्रिम बुद्धिमत्ता : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अर्थशास्त्रज्ञ कृत्रिम बुद्धिमत्तेचा वापर मुख्यतः कशासाठी करतात?

मुख्यतः मोजमापासाठी. पुढच्या वर्षी बाजार कुठे जाईल हे सांगणारे यंत्र आता अर्थशास्त्रज्ञांच्या हाती आले आहे, अशी एक समजूत आढळते. प्रत्यक्षात या मंडळींचा बराचसा वेळ पूर्वी मोजताच न येणाऱ्या गोष्टींचे आकडे तयार करण्यात जातो. उपग्रहाने टिपलेली छायाचित्रे, वर्तमानपत्रांतील मजकूर, बैठकांची इतिवृत्ते, जुन्या जनगणनांची हस्तलिखित पाने हे सारे आजवर वाचण्या-पाहण्यापुरते होते. आता त्यातली माहिती तक्त्याच्या रकान्यांत बसवता येते आणि तिच्यावर नेहमीची सांख्यिकी चालवता येते. या कामी यंत्राची मदत निर्विवाद आहे. त्या आकड्यांवरून कशामुळे काय घडले हे ठरवण्याच्या कामी मात्र ती बरीच मर्यादित आहे, आणि खालच्या अनेक उत्तरांत हा फरक पुन्हा समोर येईल.

अर्थशास्त्रात यंत्रांचा वापर अलीकडेच सुरू झाला का?

नाही. १९४९ साली बिल फिलिप्स यांनी लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये ‘मोनिॲक’ नावाचे यंत्र दाखवले होते, ज्यात रंगीत पाणी नळ्यांतून आणि टाक्यांतून फिरत असे आणि उत्पन्न, कर, बचत, खर्च यांचे प्रवाह डोळ्यांना दिसत. झडप थोडी फिरवली की सरकारी खर्च वाढल्यावर पाण्याची पातळी कुठे चढते हे विद्यार्थ्यांना समजे. संगणक, सांख्यिकीचे तयार प्रोग्राम आणि इंटरनेट हे त्यानंतरचे टप्पे आहेत. आजच्या साधनांचे वेगळेपण इतकेच की ती आकड्यांप्रमाणे चित्रे आणि शब्दही हाताळतात.

उपग्रहाच्या छायाचित्रांवरून एखाद्या देशाची अर्थव्यवस्था कशी मोजता येते?

सर्वांत परिचित पद्धत रात्रीच्या दिव्यांची आहे. व्हर्नन हेंडरसन, ॲडम स्टोरीगार्ड आणि डेव्हिड वेल यांनी २०१२ साली ‘अमेरिकन इकॉनॉमिक रिव्ह्यू’मध्ये दाखवून दिले की, रात्री अवकाशातून दिसणाऱ्या उजेडातील वाढ आणि देशांतर्गत उत्पादनातील वाढ यांचा चांगला मेळ बसतो, म्हणून ज्या देशांची अधिकृत आकडेवारी कच्ची आहे, तिथे दोन्ही मापे एकत्र करून अधिक भरवशाचा अंदाज बांधता येतो. त्यांच्या लेखातले मादागास्करमधील इलाकाकाचे उदाहरण लक्षात राहण्याजोगे आहे. १९९८ च्या अखेरीस त्या भागात नीलमण्यांचा मोठा साठा सापडला. त्या वर्षीच्या चित्रात ती जागा काळी आहे आणि २००३ च्या चित्रात तिथे उजेडाचा ठिपका आहे. कोणतीही पाहणी तिथे पोहोचण्याआधी गावाने आपली नोंद अशी स्वतःच करून ठेवली होती.

या मापाच्या मर्यादा मात्र अगदी ठोस आहेत. जुन्या उपग्रहमालिकेतील प्रत्येक ठिपक्याला ० ते ६३ यांमधला एक अंक मिळत असे. मोठ्या शहरांच्या मध्यभागी हा अंक ६३ वर जाऊन थांबे, त्यामुळे तिथली पुढची वाढ दिसतच नसे. दुसऱ्या टोकाला, विरळ शेतीच्या प्रदेशात पीक उत्तम आले तरी रात्र काळीच राहते. २०११ साली अवकाशात गेलेल्या नव्या संवेदकाने पहिली अडचण बरीचशी दूर केली. दुसरी उजेडाच्या मुळाशीच आहे.

तिच्यावर उपाय म्हणून दिवसाची छायाचित्रे वापरली जाऊ लागली. २०१६ साली ‘सायन्स’मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात नायजेरिया, टांझानिया, युगांडा, मलावी आणि रवांडा या पाच देशांसाठी एका न्यूरल नेटवर्कला, म्हणजे उदाहरणांवरून शिकणाऱ्या संगणकीय प्रारूपाला, आधी दिवसाच्या चित्रावरून रात्रीचा उजेड ओळखायला शिकवले गेले. तसे करताना रस्ते, शेते आणि वस्ती यांच्याशी जुळणाऱ्या ज्या खुणा यंत्राने आपसूक टिपल्या, त्यांवरून मग तिथल्या कुटुंबांच्या खर्चाचा आणि मालमत्तेचा अंदाज घेतला गेला. पडताळा मात्र घरोघरी जाऊन केलेल्या पाहण्यांशीच घ्यावा लागला, आणि ही गोष्ट सहसा तळटीपेत राहते. पाहणी अजिबात नसेल, तर यंत्राचे उत्तर बरोबर आहे की चूक हे सांगायला कोणी उरत नाही.

दिव्यांचा उपयोग सरकारी आकडे तपासण्यासाठीही होतो का?

होतो. लुईस मार्टिनेझ यांनी २०२२ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात दिव्यांची वाढ आणि जाहीर झालेली उत्पादनवाढ यांची तुलना करून असा निष्कर्ष काढला की, हुकूमशाही राजवटी आपली वार्षिक वाढ सरासरी सुमारे ३५ टक्क्यांनी फुगवून सांगतात. दिव्यांना खोटे बोलण्याचे कारण नसते.

मोबाइलच्या नोंदींवरून गरीब कोण हे ठरवता येते का?

काही प्रमाणात येते. जोशुआ ब्लूमेनस्टॉक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१५ साली रवांडातील मोबाइल वापराच्या नोंदींवरून, म्हणजे कोणी केव्हा, किती वेळा आणि कुठून फोन केला या तपशिलावरून, वापरणाऱ्यांच्या सांपत्तिक स्थितीचा अंदाज बांधता येतो हे दाखवले. संभाषणातला शब्दही त्यात ऐकलेला नव्हता.

ही पद्धत मोठ्या प्रमाणावर कामाला आली ती २०२० साली टोगोमध्ये. साथीच्या काळात सरकारने ‘नोव्हिसी’ या योजनेतून मोबाइलवर थेट रक्कम पाठवायला सुरुवात केली, पण मदत नेमकी कोणाला द्यायची हे ठरवण्यासाठी देशात अद्ययावत यादी नव्हती. तेव्हा उपग्रहचित्रांवरून गरीब भाग आणि मोबाइल नोंदींवरून गरीब व्यक्ती निवडल्या गेल्या. नंतर ‘नेचर’मध्ये प्रसिद्ध झालेल्या मूल्यमापनानुसार, केवळ भूभाग पाहून लाभार्थी ठरवण्याच्या पर्यायांशी तुलना करता, पात्र असूनही वगळले जाण्याच्या चुका या पद्धतीने ४ ते २१ टक्क्यांनी कमी झाल्या. हाच आकडा सगळीकडे उद्धृत होतो. त्याच मूल्यमापनात असेही म्हटले आहे की, देशातील सर्व कुटुंबांची परिपूर्ण नोंदवही उपलब्ध असती, तर तिच्या तुलनेत या पद्धतीतील चुका ९ ते ३५ टक्क्यांनी जास्त ठरल्या असत्या. दोन्ही वाक्ये एकत्र वाचली की चित्र स्पष्ट होते : हाती दुसरे काही नसताना ही पद्धत चांगली आहे, नोंदवही तयार करण्याचा कंटाळा आला म्हणून वापरण्याइतकी चांगली नाही.

शिवाय जिच्याकडे फोनच नाही ती व्यक्ती या हिशेबात येतच नाही. शितावरून भाताची परीक्षा करायची, तर ते शीत पातेल्याच्या कोणत्या भागातून उचलले आहे हे आधी पाहावे लागते.

संकेतस्थळांवरील किमती गोळा करून मोजलेली महागाई विश्वासार्ह असते का?

अर्जेंटिनात ती सरकारी आकड्यापेक्षा विश्वासार्ह ठरली. तिथे २००७ पासून अधिकृत निर्देशांकात हस्तक्षेप होत असल्याचा संशय होता. आल्बेर्तो काव्हालो यांनी मोठ्या दुकानांच्या संकेतस्थळांवरील किमती रोज संगणकाच्या साहाय्याने उतरवून घ्यायला सुरुवात केली, आणि त्यांवरून निघणारी वार्षिक महागाई अधिकृत दराच्या जवळपास तिप्पट भरली. याच कामातून पुढे काव्हालो आणि रॉबर्टो रिगोबॉन यांचा ‘बिलियन प्राइसेस प्रोजेक्ट’ हा एमआयटीतील उपक्रम उभा राहिला. फेब्रुवारी २०१३ मध्ये आंतरराष्ट्रीय नाणेनिधीने अर्जेंटिनाच्या आकडेवारीबद्दल औपचारिक निंदा केली.

याचा अर्थ किंमत निर्देशांक काढणारे कर्मचारी अनावश्यक झाले असा नाही. घरभाडे, दवाखान्याचा खर्च, केशकर्तन अशा सेवांच्या किमती संकेतस्थळांवर पुरेशा सापडत नाहीत, आणि कोणत्या वस्तूला किती भार द्यायचा हे कुटुंबांच्या खर्चाच्या पाहणीतूनच कळते.

‘नाउकास्टिंग’ म्हणजे काय?

चालू तिमाहीचा अंदाज चालू तिमाहीतच घेणे. देशांतर्गत उत्पादनाचा अधिकृत आकडा तिमाही संपून काही आठवडे गेल्यावर येतो आणि नंतरही त्यात दुरुस्त्या होत राहतात. तोवर रोजगार, वाहनविक्री, आयात-निर्यात, कार्डांवरील खर्च अशा आधी हाती येणाऱ्या आकड्यांवरून तो बांधत न्यायचा असतो. अटलांटाच्या फेडरल रिझर्व्ह बँकेचे ‘जीडीपीनाऊ’ हे त्याचे सर्वपरिचित उदाहरण २०१४ पासून चालू आहे. २०२० मध्ये राज चेट्टी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी खासगी कंपन्यांकडील निनावी नोंदी एकत्र करून अमेरिकेतील खर्च आणि रोजगार जवळपास रोजच्या रोज दाखवणारा फलक उभारला होता.

अशा अंदाजांना एक जुना इशारा लागू पडतो. लोक इंटरनेटवर काय शोधतात यावरून फ्लूचे रुग्ण मोजणारी ‘गूगल फ्लू ट्रेंड्स’ ही सेवा २००८ साली सुरू झाली, तिची भरपूर वाहवा झाली आणि २०१२-१३ च्या हंगामात तिचे आकडे प्रत्यक्षाच्या जवळपास दुप्पट निघाले. शोधयंत्र स्वतः बदलत होते, लोकांच्या सवयी बदलत होत्या, आणि जुना मेळ त्यात टिकला नाही.

मजकुराचे आकडे कसे करतात?

सर्वांत साधी रीत शब्द मोजण्याची आहे. स्कॉट बेकर, निकोलस ब्लूम आणि स्टीव्हन डेव्हिस यांनी अमेरिकेतील दहा प्रमुख वर्तमानपत्रांत अर्थव्यवस्था, धोरण आणि अनिश्चितता या तिन्हींशी संबंधित शब्द एकाच लेखात येतात असे किती लेख आहेत हे मोजून ‘आर्थिक धोरण अनिश्चितता निर्देशांक’ तयार केला. कल्पना बालिश वाटावी इतकी सोपी आहे. पण तिच्यामागे माणसांनी डोळ्यांखालून घातलेले सुमारे १२,००० लेख आहेत, आणि निर्देशांकाला मान मिळाला तो त्या कष्टामुळे.

दुसरी रीत मजकुरातले विषय यंत्राला शोधू देण्याची. स्टीफन हॅन्सन, मायकेल मॅकमहोन आणि आंद्रेआ प्रात यांनी अमेरिकेच्या व्याजदर ठरवणाऱ्या समितीच्या इतिवृत्तांवर ती वापरली. आपले शब्दशः बोलणे पुढे प्रसिद्ध होणार हे १९९३ मध्ये सदस्यांना कळल्यावर चर्चा कशी बदलली, हा त्यांचा प्रश्न होता. नवखे सदस्य तयारी जास्त करून येऊ लागले आणि त्याच वेळी बहुमताच्या सुरात सूरही जास्त मिसळू लागले, असे त्यांना दिसले. अलीकडे तर पत्रकार परिषदेतील या समितीच्या अध्यक्षांच्या आवाजाचा चढउतारही मोजला गेला आहे.

तिसरी रीत मोठ्या भाषा प्रारूपांची, म्हणजे प्रचंड मजकुरावर शिकून भाषा हाताळणाऱ्या लार्ज लँग्वेज मॉडेल्सची. ती किती नाजूक आहे हे एका वाक्यावरून पाहता येईल. समजा, मध्यवर्ती बँकेच्या निवेदनांतील हजारो वाक्यांना ‘कडक’ (व्याजदर चढे ठेवण्याकडे कल), ‘सौम्य’ (ते उतरवण्याकडे कल) किंवा ‘तटस्थ’ अशी खूण करायची आहे आणि एक वाक्य असे आहे : “महागाई उद्दिष्टापेक्षा वर असली तरी तिचा वेग ओसरत असल्याची चिन्हे आहेत, मात्र समिती सावध राहील.” पहिला भाग कडक, मधला सौम्य, शेवटचा पुन्हा कडक. एक वाचक याला तटस्थ म्हणेल, दुसरा कडक म्हणेल, आणि प्रारूप जे म्हणेल ते सूचनेतील एखादा शब्द बदलल्यावर पालटू शकेल. म्हणून नीट काम करणारे संशोधक आधी काही शे वाक्ये दोन माणसांकडून स्वतंत्रपणे तपासून घेतात, त्या दोघांचे आपसात किती जुळते हे मोजतात आणि मग प्रारूपाचे त्यांच्याशी किती जुळते हे पाहतात. दोन जाणकारांचेच एकमत होत नसेल, तर दोष प्रारूपात नसून खुणांच्या व्याख्येत असण्याचा संभव अधिक असतो. अशा वेळी नवे प्रारूप शोधत बसण्यापेक्षा व्याख्या पुन्हा लिहिणे शहाणपणाचे.

मशीन लर्निंग आणि अर्थमिती यांत मूलभूत फरक कोणता?

प्रश्नाचा. मशीन लर्निंग म्हणजे उदाहरणांवरून भाकीत करायला शिकणारे प्रोग्राम, आणि अर्थमिती म्हणजे आर्थिक आकड्यांवर चालवलेली सांख्यिकी, जी बहुतेकदा कशामुळे काय घडले हे शोधते. पाऊस येणार असे वाटले तर छत्री घ्यायची. त्यासाठी पावसाचे भाकीत पुरते, तो का पडतो हे कळण्याची गरज नसते. पावसासाठी एखादा विधी करावा का, या प्रश्नाला मात्र भाकीत कितीही अचूक असले तरी उपयोगाचे नाही, कारण तिथे त्या विधीमुळे पाऊस पडतो का हे ठाऊक असावे लागते. हे उदाहरण जॉन क्लाइनबर्ग, येन्स लुडविग, सेंधिल मुल्लईनाथन आणि झियाद ओबरमायर यांनी २०१५ साली दिले, आणि त्यापेक्षा चांगले उदाहरण निदान या लेखकाच्या पाहण्यात नाही. मशीन लर्निंग हे छत्रीचे शास्त्र आहे. धोरणाविषयीचे बहुतेक प्रश्न दुसऱ्या प्रकारचे असतात.

छत्रीसारखे वाटणारे प्रश्नही सरळ नसतात. न्यूयॉर्क शहरात आरोपीला खटल्यापूर्वी सोडायचे की नाही हा न्यायाधीशांचा निर्णय यंत्राच्या भाकिताने सुधारता येईल का, हे याच मंडळींपैकी काहींनी तपासले. इथे अडचण अशी की ज्यांना आधीच कोठडीत ठेवले गेले ते सुटले असते तर कसे वागले असते याची नोंद कुठेच नाही. न्यायाधीशाने त्यांच्या चेहऱ्यावर किंवा वकिलाच्या बोलण्यात असे काही पाहिले असेल, जे तक्त्यात उतरलेले नाही. त्या अभ्यासाचा मोठा भाग ही पोकळी प्रामाणिकपणे हाताळण्यात खर्ची पडला. उदाहरणार्थ, कडक आणि उदार न्यायाधीशांकडे खटले जवळपास योगायोगाने जातात या गोष्टीचा आधार त्यांनी घेतला. भाकितापेक्षा हा भाग अर्थशास्त्रज्ञाचा.

दोन्ही परंपरा जोडण्याचे कामही झाले आहे. सुझन ॲथी, स्टीफन वेजर आणि गीडो इम्बेन्स यांच्या कामातून आलेल्या ‘कॉजल ट्री’ आणि ‘कॉजल फॉरेस्ट’ या पद्धती एखाद्या उपायाचा परिणाम कोणावर जास्त आणि कोणावर कमी होतो हे शोधतात. व्हिक्टर चेर्नोझुकोव्ह आणि सहकाऱ्यांची २०१८ सालची ‘डबल मशीन लर्निंग’ ही पद्धत असे करते : इतर शेकडो घटकांवरून परिणामाचे जेवढे भाकीत करता येते तेवढे त्यातून वजा करायचे, त्याच घटकांवरून उपायाचेही भाकीत करून तेही वजा करायचे, आणि दोन्हीकडे जे उरते त्यांचा एकमेकांशी संबंध पाहायचा. भाकीत डेटाच्या एका भागावर शिकून दुसऱ्या भागावर वापरले जाते, म्हणजे यंत्राची पाठांतराची खोड निष्कर्षात शिरत नाही. महत्त्वाचा घटक मुळात नोंदवलेलाच नसेल, तर मात्र ही पद्धतही त्याला हजर करू शकत नाही.

रोजच्या कामात भाषा प्रारूपांचा उपयोग कितपत होतो?

अँटन कोरिनेक यांनी डिसेंबर २०२३ मध्ये ‘जर्नल ऑफ इकॉनॉमिक लिटरेचर’मध्ये या उपयोगांचा सविस्तर आढावा घेतला आणि त्यांचे सहा गट पाडले : कल्पना सुचणे, लेखन, पूर्वसंशोधन, डेटाचे विश्लेषण, प्रोग्रामिंग आणि गणिती मांडणी. माझ्या मते यांत सर्वाधिक वेळ वाचतो तो प्रोग्रामिंगमध्ये, आणि सर्वांत फसव्या चुकाही तिथेच होतात.

उदाहरणादाखल, एका फाइलीत कुटुंबे आहेत आणि दुसरीत जिल्ह्यांचे पर्जन्यमान आहे. दोन्ही जोडून हवी आहेत. प्रारूप क्षणात सुबक कोड देते आणि तो अडखळत नाही. पण दुसऱ्या फाइलीत काही जिल्ह्यांची नोंद दोनदा असेल, तर त्या जिल्ह्यांतली सगळी कुटुंबे गुपचूप दुप्पट होतात, नमुना फुगतो आणि निष्कर्षातली अनिश्चितता खोटीच कमी दिसते. संगणक कोणतीही तक्रार करत नाही. जोडणीच्या आधी आणि नंतर ओळी मोजणे हा एवढ्यावरचा सोपा उपाय आहे. प्रारूपाला तो सांगितला तर तेही मोजून देते, पण सांगावे लागते.

संदर्भग्रंथांची यादी प्रारूपाकडून करून घ्यावी का?

प्रत्येक नोंद स्वतः उघडून पाहण्याची तयारी असेल तरच. खऱ्या लेखकांच्या नावावर कधीच न लिहिलेले लेख अशा याद्यांत आढळतात, आणि ते दिसायला अगदी खरे असतात.

भाषा प्रारूपाला थेट आर्थिक भाकीत विचारता येईल का?

विचारता येईल, पण त्याची परीक्षा घेणे अवघड आहे. नेहमीची पद्धत अशी असते की, प्रारूपाला काही वर्षे मागे नेऊन ठेवायचे, त्या वेळी उपलब्ध असलेली माहिती द्यायची आणि त्याचे उत्तर पुढे जे घडले त्याच्याशी ताडून पाहायचे. भाषा प्रारूपाच्या बाबतीत हे नीट जमत नाही, कारण ज्या मजकुरावर ते शिकले आहे त्यात पुढचे सगळे आधीच लिहिलेले असते. २०१९ च्या अखेरचे निवेदन देऊन २०२० ची वाढ विचारली आणि ते घसरण सांगू लागले, तर ती दूरदृष्टी म्हणायची की फुटलेली प्रश्नपत्रिका? तारखा आणि नावे झाकली, तरी मजकुराच्या वळणावरून प्रारूप काळ ओळखू शकते. म्हणून ठरावीक तारखेपर्यंतच्याच मजकुरावर शिकवलेली प्रारूपे काही संशोधक तयार करतात, किंवा प्रारूपाचे शिक्षण संपल्यानंतरच्या काळावरच त्याची कसोटी घेतात. पहिला मार्ग खर्चीक, दुसरा सावकाश.

माणसांऐवजी प्रारूपांवर प्रयोग करता येतात का?

जॉन हॉर्टन यांनी २०२३ साली ‘होमो सिलिकस’ या नावाने ही कल्पना मांडली : प्रारूपाला एखाद्या ग्राहकाची किंवा मालकाची भूमिका द्यायची आणि त्याचे निर्णय पाहायचे. खऱ्या प्रयोगाची रंगीत तालीम म्हणून हे उपयुक्त आहे. प्रश्नावलीतला संदिग्ध प्रश्न स्वस्तात सापडतो. मात्र प्रसिद्ध प्रयोगांचे निकाल प्रारूपाने वाचलेले असतात, त्यामुळे जुना निकाल पुन्हा मिळाला यात फारसे नवल नाही. धोरणाचा आधार म्हणून अशी उत्तरे घेऊ नयेत.

चुका कशा पकडल्या जातात?

दुसऱ्या कोणीतरी तोच हिशेब पुन्हा करून. कार्मेन राइनहार्ट आणि केनेथ रोगॉफ यांच्या २०१० सालच्या गाजलेल्या लेखात सरकारी कर्ज उत्पादनाच्या ९० टक्क्यांवर गेलेल्या देशांची सरासरी वाढ उणे ०.१ टक्के दाखवली होती. २०१३ साली थॉमस हर्नडन, मायकेल ॲश आणि रॉबर्ट पोलिन यांनी मूळ स्प्रेडशीट मिळवून तपासली, तेव्हा सरासरीच्या सूत्रात पाच देशांच्या ओळी सुटलेल्या आढळल्या. ती चूक, काही वर्षे वगळल्याचा परिणाम आणि देशांना भार देण्याची वेगळी रीत हे सारे धरून त्यांचा आकडा २.२ टक्के आला. सूत्राची कक्षा काही ओळी आधी संपली होती, इतकीच ती चूक.

२०१९ पासून अमेरिकन इकॉनॉमिक असोसिएशनच्या नियतकालिकांत लेख स्वीकारण्याआधी डेटा आणि कोड तपासला जातो. भाषा प्रारूपांमुळे इथे नवी अडचण आली आहे : तेच प्रारूप, तीच सूचना, तरी उत्तर दरवेळी तंतोतंत तेच येईल याची खात्री नसते, आणि कंपनीने जुनी आवृत्ती बंद केली तर हिशेब पुन्हा करणेच अशक्य होते. म्हणून प्रारूपाची नेमकी आवृत्ती, दिलेली सूचना आणि मिळालेले प्रत्येक उत्तर जपून ठेवण्याची शिस्त रुजत आहे. जमेल तिथे स्वतःच्या संगणकावर ठेवता येणारी खुली प्रारूपे वापरणे अधिक सुरक्षित.

कोणती साधने शिकावीत?

स्टाटा, आर आणि पायथन या आकडेमोडीच्या संगणकीय साधनांपैकी कोणतेही एक नीट येत असेल तर बाकीची लवकर येतात. मजकूर आणि चित्रे हाताळायची असतील तर पायथन सोयीचे.

जुन्या छापील आणि हस्तलिखित नोंदी यंत्राकडून वाचून घेता येतात का?

येतात, आणि आर्थिक इतिहासाच्या अभ्यासात त्यामुळे मोठा फरक पडला आहे. मेलिसा डेल यांच्या गटाने जुन्या कागदपत्रांची मांडणी ओळखणारी खुली साधने तयार केली आणि अमेरिकेतील जुन्या वर्तमानपत्रांचा प्रचंड संग्रह त्यांच्या मदतीने वाचण्याजोगा केला. नेहमीची साधने वर्तमानपत्राचे पान डावीकडून उजवीकडे सरळ वाचत जातात आणि शेजारच्या दोन स्तंभांतल्या ओळी एकमेकींत मिसळून टाकतात. म्हणून अक्षरे ओळखण्याआधी स्तंभ, मथळे आणि जाहिराती वेगळ्या काढाव्या लागतात.

आकड्यांच्या तक्त्यांत धोका वेगळा असतो. शाई फाकलेला ३ हा ८ वाचला गेला, तर शब्दातल्या चुकीसारखा तो खटकत नाही, कारण दोन्ही आकडे तितकेच शक्य वाटतात. सुदैवाने जुन्या कारकुनांनी बहुतेक पानांच्या तळाशी बेरीज लिहून ठेवलेली असते. यंत्राने वाचलेल्या रकान्याची बेरीज त्या छापील बेरजेशी जुळते का हे आधी पाहावे, आणि जी पाने जुळत नाहीत तेवढीच माणसाने उघडावीत. क्वचित असेही होते की यंत्राने सगळे बरोबर वाचलेले असते आणि बेरीज चुकलेली असते ती कारकुनाची.